रतन थूलने काढलेली जाळी

रतन थूल रागीट आहे, हे बिबवेवाडीत कुणालाही विचारा. चहाच्या गाडीवरचा सांगेल, बेअरिंगच्या दुकानातला सांगेल. बायकोला, ललिताला, मात्र विचारू नका. ती सांगायला बसली तर तुमची दुपार गेलीच म्हणून समजा. मशिन बंद पडलं की लोक त्याच्या नावाने धावा करतात, आणि सुरू झालं की ‘माणूस चांगला, पण तोंड फार वाईट’ म्हणत निघून जातात. राग कशाचा येतो म्हणाल, तर सैल सोडलेल्या बोल्टचा येतो, तारेने बांधून ‘तात्पुरतं’ चालवलेल्या कामाचा येतो, ‘काका, जरा ॲडजस्ट करा ना’ म्हणणाऱ्याचा येतो. निम्मं आयुष्य पुण्यात काढल्यावरही ‘तुम्ही मूळचे कुठले हो?’ असं गोड आवाजात विचारणाऱ्याचा तर फारच येतो. हे सगळं लोक हसण्यावारी नेतात. यंदाच्या उन्हाळ्यात त्याला जो राग आला, तो मात्र हसण्यावारी नेण्याजोगा नव्हता. तो अजून उतरलेला नाही, आणि का उतरावा?

मूळचा तो हिंगणघाटकडचा, कापडगिरणीच्या गावातला. भोंगा झाला की अर्धं गाव उठायचं आणि भोंगा झाला की अर्धं गाव निजायचं. आजोबा छप्पन साली दीक्षा घेऊन आलेले, बाप गिरणीत साच्यावर कापड विणणारा, आणि रतन मिसरूड फुटता फुटता तिथेच फिटरच्या हाताखाली लागला. त्याच्या उस्तादाने त्याला पहिल्या दिवशी पाना दिला नाही, स्क्रू-ड्रायव्हर दिला नाही. भिंतीवरच्या बोर्डातून चिनीमातीचा फ्यूज उपसून त्याच्या खिशात कोंबला. ज्याचा हात मशिनीत, फ्यूज त्याच्याच खिशात. टेबलावर नाही, शेजाऱ्याच्या हातात नाही. टेबलावरचा फ्यूज कुणीतरी भला माणूस मदत म्हणून परत बसवतो आणि आतल्याचा हात जातो, हे उस्तादाने तीन बोटांच्या हाताने समजावून सांगितलं होतं. गिरणी बंद पडली, उस्ताद गेला, गाव रिकामं झालं. रतन पुण्याला आला तेव्हा त्याच्याकडे ही एक सवय होती आणि ‘मले-तुले’ करणारी बोली. बोलीला लोक हसले. त्याने ती सोडली नाही. सवयीला कुणी हसलं नाही, कारण ती कुणाच्या लक्षातच आली नाही. त्याच्या प्रत्येक शर्टाचा डावा खिसा ओघळलेला का असतो, हे फक्त ललिताला ठाऊक होतं, कारण शिवून तीच द्यायची.

चार ठिकाणी कामं करून शेवटी तो विक्रमशेठच्या मसाल्याच्या गिरणीत टिकला. मार्केट यार्डापासून जवळ, बिबवेवाडीच्या एका बोळात ही गिरणी. मिरची कांडायच्या डंक्या एका ओळीत, पलीकडे हळदीचं मशिन, कोपऱ्यात भट्टी. डंकी म्हणजे काय, तर लोखंडी उखळ आणि त्यात मोटरीच्या जोरावर आळीपाळीने आदळणारी दोन लोखंडी मुसळं. आईआजी हाताने कांडायच्या, तेच, फक्त दमत नाही आणि थांबत नाही. उखळाच्या कडेला मिरची साचते, ती खालीवर करत राहावी लागते, आणि ते काम बायकांचं. मुसळ उचललं की हात आत, मुसळ पडायच्या आत हात बाहेर. हे त्या गप्पा मारत करायच्या. बघणाऱ्याला कौतुक वाटायचं. रतनला ते बघवायचं नाही, तो पाठ करून उभा राहायचा आणि दातओठ खात दुसरंच काहीतरी घट्ट करायचा.

या बायकांत सगळ्यात जुन्या सलीमाआपा. घराणं भवानी पेठेतलं, कित्येक पिढ्यांचं, म्हणजे पुणेकरपणात शेठच्याही वर. नवरा लवकर गेला, एक मुलगी माहेनूर, ती सदाशिव पेठेतल्या एका दवाखान्यात कामाला. खंडेनवमीला गिरणीत मशिनींना हार पडायचे, नारळ फुटायचे, तेव्हा रतन आणि सलीमाआपा एका बाजूला उभे असायचे. एकदा शेठ म्हणाला, “रतन, नमस्कार नको करूस, निदान हार तरी घाल.” रतन म्हणाला, “ग्रीस घातलं हाय. तिले तेच लागते.” सलीमाआपा पदर तोंडावर घेऊन इतक्या हसल्या, की शेठलाही हसावं लागलं.

एकदा एकीची बांगडी मुसळात अडकली. बांगडी फुटली, मनगटाला ओरखडा आला, बाकी निभावलं. रतनने दुसऱ्याच दिवशी भंगारातून सळया आणल्या आणि प्रत्येक उखळावर बसेल अशी जाळी केली. जाळीला एक फट, फटीतून लाकडी उलथनं आत जाईल, हात जाणार नाही. शेठ खूश झाला. त्याने जाळीजवळ उभं राहून फोटो काढला आणि ‘सेफ्टी फर्स्ट’ म्हणून स्टेटसला ठेवला. दोन उन्हाळे जाळी राहिली आणि कुणाच्या नखालाही काही झालं नाही.

मग शर्मिलाताईंना जाळी खटकली.

पुण्यात मिरची कांडायला देऊन घरी जायची पद्धत नाही. गिरणीवाला आपली चांगली मिरची काढून घेतो आणि त्यात हलकी मिसळतो, यावर इथल्या माणसाचा देवापेक्षा जास्त विश्वास. म्हणून गिऱ्हाईक मशिनीसमोर ठाण मांडून उभं राहतं, नाकाला रुमाल, डोळ्यांत पाणी, पण नजर उखळावरून हलत नाही. शर्मिलाताई त्यांतल्याही अग्रणी. सदाशिव पेठेतून बिबवेवाडीला रिक्षा करून यायच्या, कारण ‘कांडलेल्या मसाल्याची चव दळलेल्याला नाही’. ब्याडगी स्वतः निवडलेली, देठं स्वतः काढलेली, गच्चीवर स्वतः वाळवलेली. जाळीतून त्यांना ती नीट दिसेना.

“तुमच्यावर अविश्वास नाही हो,” त्या शेठला म्हणाल्या. “पण आपली वस्तू आपल्याला दिसायला नको का?”

आणि घरी जाऊन त्यांनी मोबाइलवर गिरणीला एक तारा देऊन लिहिलं, ‘यंत्रावर जाळी बसवलेली असल्याने आत काय चालते ते दिसत नाही. ग्राहकाने काय समजायचे ते समजावे.’ त्याखाली अजून चारजणींनी री ओढली. ऐन हंगामात हे. शेठने रतनला बोलावलं.

“जाळ्या काढ.”

“काढत नाई.”

“अरे, सीझनपुरत्या. पाऊस पडला की परत लाव.”

“बोटं काई सीझनपुरते नसतेत, शेठ.”

“हे बघ,” शेठ शांतपणे म्हणाला, “तू नाही काढल्यास तर दुसऱ्याकडून काढून घेईन. मग दुसऱ्यालाच ठेवीन. खोलीही त्यालाच देईन.”

गिरणीच्या मागची खोली शेठची होती. तिच्यात रतन, ललिता आणि त्यांचा सगळा संसार होता. रतनने जाळ्या काढल्या. प्रत्येक बोल्टला शिवी दिली, पण काढला. बोल्ट त्याने फेकले नाहीत, आपल्या हत्याराच्या पेटीत एका डब्यात ठेवले, आणि जाळ्या मागच्या पत्र्याखाली उभ्या करून ठेवल्या. पाना त्याच्या हातात होता, हे तो स्वतःला कधी विसरू देत नाही.

पुढच्याच आठवड्यात शर्मिलाताई आपली मिरची घेऊन आल्या. सलीमाआपांच्या डंकीवर त्यांचा नंबर लागला. रतन तेव्हा हळदीच्या मशिनीत खांद्यापर्यंत हात घालून बसला होता. त्या मशिनीचा फ्यूज त्याच्या खिशात होता, म्हणजे त्याचा हात सुखरूप होता. त्याला ऐकू येत होतं. शर्मिलाताई म्हणत होत्या, “तो कोपरा राहिला बघा. नाही, नाही, तिकडचा. दोन मिरच्या अख्ख्या दिसतायत मला.” मग सलीमाआपांचा “हो ताई, घेते” असा आवाज आला. आणि मग दुसरा आवाज आला.

उजव्या हाताची मधली दोन बोटं. रतनने मुख्य खटका पाडला, हाताला रुमाल गुंडाळला, सलीमाआपांना रिक्षात घातलं आणि हॉस्पिटलात नेलं. त्या ओरडल्या नाहीत. मिरचीचा हात जखमेला लागला तर काय होतं, हे ज्याला ठाऊक आहे त्याने त्यांच्या गप्प बसण्याचा विचार करावा. आत घेताना डॉक्टरांनी विचारलं, “तुटलेला भाग आणलाय का?” रतनने तोंडात मारून घेतलं. तो वळला तेव्हा सलीमाआपांनी डाव्या हाताने त्याची बाही धरली.

“रतनभाऊ, जोडता नाही आलं तरी आणा. टाकू देऊ नका कुणाला. आमच्यात मातीला द्यावं लागतं.”

तो गाडी दामटत गिरणीत आला आणि दारातच थबकला. डंकी चालू होती. सलीमाआपांचीच. दुसऱ्या कुणाची तरी मिरची उखळात पडली होती, दुसरी बाई उलथन्याने खालीवर करत होती, आणि उखळावर जाळी होती. लालभडक झालेल्या त्या सबंध मशिनीवर चार नवे कोरे बोल्ट चकाकत होते. फरशी धुतलेली होती. शेठ गल्ल्यावर बसून फोनवर हसत बोलत होता.

“उखळातलं कुठंय?” रतनने विचारलं.

“वरचं सगळं काढून टाकलं.”

“कुठं टाकलं?”

“कचऱ्याची गाडी गेली आत्ताच. अरे, डॉक्टर काय ते जोडणार होते का? भुगा झालेला.”

“अन् खालचं?”

शेठने फोनवर हात ठेवला. “खालचं चांगलं होतं. शर्मिलाताईंना दिलं. त्यांना चक्कर येत होती, आत बसवून उसाचा रस पाजला. सारखं ‘माझ्या मसाल्याचं काय’ चाललं होतं. म्हटलं, तुमचा कांडून झालेला भाग आधीच बाजूला काढला होता. गेल्या घेऊन. तू कशाला डोक्याला ताप करून घेतोस? लाल रंगात लाल, कुणाला दिसतंय?”

रतनच्या तळपायाची आग मस्तकात गेली. त्याने शेठची कॉलर धरली नाही, हे त्याचं त्यालाच अजून नवल वाटतं. त्याला एवढंच सुचलं की हॉस्पिटलात एक बाई दरवाज्याकडे डोळे लावून पडली आहे आणि तिला सांगायचं काय. तो परत हॉस्पिटलात गेला. “सापडलं नाई, आपा,” म्हणाला आणि भिंतीकडे बघत राहिला.

दोन दिवसांत सगळ्या बोळात एकच गोष्ट झाली. जाळी होतीच. सलीमाबाईंनी कामाच्या घाईत ती स्वतः वर सरकवली. बोलत होत्या, लक्ष नव्हतं. वय झालं आता. शेठने दवाखान्याचं पहिलं बिल भरलं, त्याचाही फोटो काढला, आणि माणुसकी म्हणून भरलं, चूक काही गिरणीची नाही, हेही जाता-येता सांगितलं. कामावरच्या बायकांना वेगळं सांगायची गरज पडली नाही. त्यांनी मान खाली घातली आणि उलथनं हलवत राहिल्या. त्यांच्यावर चिडून काय करणार? चिडला तो रतन, पण मनातल्या मनात.

त्याला खरं लागलं ते माहेनूरचं. तो हॉस्पिटलात गेला तेव्हा ती आईला औषध देता देता बोलत होती. “किती वेळा सांगितलं होतं अम्मी, गप्पा मारू नकोस. कुठं असतं तुझं लक्ष?” आणि सलीमाआपा, ज्यांनी आयुष्यभर या हाताने कांडून हिला शिकवलं, त्या खाली बघून म्हणाल्या, “चुकलं असेल माझंच.”

“काई चुकलं नाई!” रतन इतक्या जोरात बोलला की नर्स धावत आली. “जाळी नव्हती, पोरी. आठ दिवस आदीच काढली होती. तुझ्या मायचं काई चुकलं नाई.”

“कुणी काढली?”

“मी.”

माहेनूरने त्याच्याकडे असं पाहिलं, की शिवी परवडली असती. मग तिने फक्त विचारलं, “मी तक्रार केली, तर हे साहेबांसमोर सांगाल?” तो म्हणाला, सांगीन. पोरीने तक्रार केली. कारखाने खात्याचे निरीक्षक गिरणी बघायला येणार, असं ठरलं, आणि शेठने रतनला पुन्हा आत बोलावलं. या वेळी खुर्ची दिली, चहाही मागवला.

“तू माझ्याविरुद्ध बोलणार, असं ऐकतोय,” शेठ म्हणाला. “बोल की. मी काय लेखी दिलंय तुला, जाळी काढ म्हणून? पाना कुणाच्या हातात होता? मी म्हणेन, माझी जाळी होती, मिस्त्रीनेच काढली. पोलीस आधी तुला नेतील, मग माझ्याकडे जबाब घ्यायला येतील. पी, चहा पी.”

रतनने चहा तसाच ठेवला. घरी येऊन ललिताला सांगितलं. ललिता दारात बसून गिरणीच्याच मिरचीची देठं काढत होती; खोली शेठची, मिरची शेठची, आणि उद्या नवराही आत गेला तर तोही शेठच्याच कृपेने. तिने हात न थांबवता सगळं ऐकलं. रतनला वाटलं, आता रडेल.

“बोलाचं हाय तं पुरं बोला,” ती म्हणाली. “जाळीचं तेवढं बोलसान अन् मसाल्याचं पोटात ठेवसान, तं अर्ध्या बोलण्यानं तुमीच फसान. अन् ते बाई ते खाऊन रायली घरी. तिले कोनी सांगाचं?”

“तिले मी काऊन सांगू? तिच्याच पायी झालं सारं.”

“म्हनूनच सांगा,” ललिता म्हणाली आणि टोपल्यातून पुढची मूठ उचलली.

निरीक्षक आले तेव्हा गिरणीत हंगामाची गर्दी होती. शेठने तयारी चोख ठेवली होती. भिंतीवर ‘यंत्रात हात घालू नये’ अशी नवी पाटी, बायकांना नवे हातमोजे, आणि साक्षीला खुद्द शर्मिलाताई, खुर्चीवर पंख्याखाली. माहेनूर दाराशी उभी होती. निरीक्षकांनी जाळी हलवून पाहिली, बोल्ट पाहिले, मान डोलावली.

“त्या दिवशी ही जाळी होती?”

बायका आपल्या नव्या हातमोज्यांकडे बघू लागल्या. शेठ म्हणाला, “होती ना साहेब. दोन वर्षांपासून आहे. स्टेटसला फोटो आहे माझ्या. आणि या ताई तर समोरच उभ्या होत्या.”

शर्मिलाताईंनी चष्मा सारखा केला. “तसं मला अगदी खात्रीने नाही हो सांगता येणार. काहीतरी होतं खरं. जाळीसारखं. मी आपली मिरचीकडे बघत होते.”

“नव्हती जाळी,” रतन पुढे येऊन म्हणाला. “मी काढली होती साहेब, याच हातानं. शेठनं काढाले लावली म्हनून काढली. अन् या ताईनं लिवलं म्हनून शेठनं काढाले लावली.”

“बघा!” शेठने हात वर केले. “स्वतः कबूल करतोय. मला न विचारता काढली. असा माणूस ठेवलाय मी, काय करू सांगा.”

“मी फक्त माझं मत नोंदवलं होतं,” शर्मिलाताई म्हणाल्या. “ग्राहकाचा तेवढा अधिकार असतो.”

निरीक्षकांनी रतनकडे वळून नाव विचारलं, गाव विचारलं, शिक्षण विचारलं. शेठचं काही विचारलं नाही. ज्याची भीती होती, तेच होत चाललं होतं. माहेनूरचा चेहरा पडला. आणि त्या क्षणी रतनचा आवाज, जो एरवी बोळाच्या टोकापर्यंत जातो, एकदम खाली आला.

“मसाला कसा झाला, ताई?”

शर्मिलाताईंना हायसं वाटलं. विषय बदलला, बरं झालं. “मसाला ना? सुरेख झालाय. खरं सांगते, इतकी वर्षं करतेय, पण यंदा रंग काही वेगळाच आलाय. स्वरालीलाही दिला डबाभर, माझ्या मुलीला. परवा तिच्या सासूने फोन करून विचारलं, कुठून करून घेतलात?”

“तुमचा मसाला बाजूले काढला नव्हता ताई. सारी मिरची एकाच उखळात होती तुमची. ज्या उखळात सलीमाआपाचा हात गेला, त्यातलाच हाय तो. वरचं ओंजळभर टाकून देलं, बाकी तुमच्या डब्यात भरलं. शेठनंच सांगतलं मले. विचारा या बायांले, याईनंच भरला.”

डंकी बंद होती, पण ती चालू असती तरी त्या वेळी ऐकू आली नसती. शर्मिलाताईंनी शेठकडे पाहिलं. शेठ म्हणाला, “काहीही बोलतो हा.” मग त्यांनी बायकांकडे पाहिलं. त्यांतली एक पदरात तोंड घालून रडायला लागली. शर्मिलाताई उठल्या, मोरीपर्यंत कशाबशा पोचल्या, आणि बराच वेळ तिथून आवाज येत राहिला.

परत आल्या तेव्हा त्यांचा चेहरा पांढरा पडला होता. “जाळी नव्हती,” त्या निरीक्षकांना म्हणाल्या. “आठवडाभर आधीच काढली होती. विक्रमशेठनी मला स्वतः फोन केला होता, ताई, तुमच्यासाठी जाळ्या काढायला सांगितल्यात, आता या. मी त्यांचे आभार मानले होते. लिहून घ्या. मी सही करते. नालायक माणूस!”

निरीक्षकांनी लिहून घेतलं. त्यांनी डंक्यांना सील ठोकायचा हुकूम दिला, आणि शेठला पहिल्यांदाच घाम आला. माहेनूर रतनजवळ येऊन काहीतरी म्हणाली. बहुतेक आभारच मानले असावेत. त्याला नीट ऐकू आलं नाही. त्याच्या डोक्यात भडका उडाला होता. जे हवं होतं ते मिळालं होतं, आणि तरी त्याला सगळं तोडूनफोडून टाकावंसं वाटत होतं. दोन हातांच्या अंतरावर बाईची बोटं गेली, तेव्हा या ताईंना जाळी आठवली नाही. हॉस्पिटल आठवलं नाही, त्या बाईचं नावसुद्धा विचारावंसं वाटलं नाही. स्वतःच्या पोटात गेलं म्हटल्यावर लख्ख आठवलं, फोनसकट! याला माणुसकी म्हणायचं असेल तर म्हणा.

“मी तो फेकून देते, आत्ताच्या आत्ता,” शर्मिलाताई रिक्षाकडे जाता जाता म्हणत होत्या.

रतन त्यांच्या आडवा उभा राहिला. “फेकाचा नाई. तुमचा नाई तो. मी येतो घ्याले. मुलीकडचाबी मागवून ठेवा.”

त्यांनी ठेवला. दाराच्या आतून, साखळी न काढता, दोन डबे त्याच्या हातात दिले आणि दार लावून घेतलं. सलीमाआपा घरी आल्या होत्या, हाताला मोठं बँडेज होतं. रतनने डबे समोर ठेवले आणि काय ते सगळं सांगितलं, काही राखून न ठेवता. माहेनूर तोंड फिरवून उभी राहिली. सलीमाआपांनी डाव्या हाताने एका डब्याचं झाकण उघडलं, आत पाहिलं, आणि हळूच परत लावलं.

“त्या बाई माझ्यासाठी बोलल्या ना शेवटी?” त्यांनी विचारलं.

रतनच्या तोंडाशी ‘हो’ आलं होतं. पण ज्या गिरणीत एवढं खोटं कांडलं गेलं, तिथलं अजून चिमूटभरही त्याला आपल्या तोंडून नको होतं.

“नाई आपा. मसाल्यासाठी बोलल्या.”

सलीमाआपांनी डबा जवळ ओढला. मग माहेनूरला म्हणाल्या, “ऐकलंस? माझं लक्ष होतं.” माहेनूर आईच्या पायाशी बसली आणि मोठ्याने रडली.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते कब्रस्तानात गेले. सलीमाआपा आणि माहेनूर फाटकाशी थांबल्या. घरात दुसरा पुरुष नव्हता, म्हणून सलीमाआपांनी रतनलाच आत जायला सांगितलं होतं. कबरी खोदणारा म्हातारा फावडं घेऊन आला, रतनच्या हातातले दोन स्टीलचे डबे बघून त्याने विचारलं, “काय आहे यात?”

“मानूस हाय,” रतन म्हणाला.

म्हाताऱ्याने फावडं उचललं. लहानसा खड्डा खणला आणि ओठांतल्या ओठांत काहीतरी म्हटलं. रतनने दोन्ही डबे उपडे केले. वाऱ्याबरोबर मिरचीचा खकाणा उठला, म्हाताऱ्याला ठसका लागला, दोघांच्याही डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं. माती ओढून झाल्यावर रतनने हात झटकले आणि सवयीने छातीवरचा खिसा चाचपला. डंक्यांना सील ठोकायच्या आधी त्याने सलीमाआपांच्या डंकीचा फ्यूज काढून घेतला होता. शेठला तसला दुसरा कोपऱ्यावरच्या दुकानात मिळेल, हे त्याला ठाऊक होतं. हा मात्र तो देणार नव्हता.

फाटकाशी सलीमाआपा उभ्या होत्या. “झालं?” त्यांनी विचारलं.

“झालं,” तो म्हणाला. मग डोळे पुसत, चिडक्याच आवाजात म्हणाला, “चाला आता, उन्हात काऊन उभ्या रायल्या?” आणि खोली रिकामी करायला घरी गेला.